काजळ, हिरडा आणि अंजन : जादूच्या शाईची पार्श्वभूमी

लक्ष्मीपूजनाला कोल्हापुरातल्या व्यापारी पेढ्यांवर नवी वही, लेखणी आणि दौत मांडायची पद्धत जुनी आहे. पूजेत दौत ही महाकाली आणि लेखणी ही सरस्वती. अंबाबाईच्या देवळात या दोघींची गर्भगृहे महालक्ष्मीच्या दोन बाजूंना असल्यामुळे इथल्या माणसाला या मांडणीत नवल वाटत नाही. पण शाईत देवी का पाहिली, हे समजायला आधी शाई कशी होत असे ते पाहावे लागते. अद्भुतकथांतले गुप्तधन दाखवणारे अंजन आणि आपोआप उमटणारी अक्षरे यांची मुळेही त्याच कामात सापडतात.

काजळ धरणे म्हणजे ज्योतीला हवा कमी पाडणे. तिळाच्या किंवा एरंडाच्या तेलाचा दिवा लावून वर दोन-तीन बोटांवर तांब्याचे किंवा मातीचे भांडे पालथे घालतात. भांडे फार खाली आले तर ज्योत गुदमरते आणि काजळी तेलकट, चिकट येते. फार वर गेले तर ती हवेतच उडून जाते. झुळूक आली तर ज्योत एका बाजूला झुकते आणि बहुतेक काजळी भांड्याला लागतच नाही. म्हणून खोली बंद, माणसे कमी, हालचाल नाही. सिद्ध काजळ बंद खोलीत, रात्री, कोणाशी न बोलता धरावे असे सांगणाऱ्यांनी हीच अट मंत्रात बसवली असावी. आश्विन अमावास्येच्या रात्रीच्या काजळाला मोठा मान आहे. तोवर पाऊस ओसरलेला असतो, हवा कोरडी झालेली असते, हेही ध्यानात घ्यावे.

भांड्याला लागलेली काजळी पिसाने झाडून घेतात. तिच्यात तेलाचा अंश असतो आणि ती पाण्यात मिसळत नाही, नुसती तरंगते. नवख्याची पहिली शाई इथेच फसते. झाकलेल्या भांड्यात मंद तापवून तेल घालवायचे, मग डिंकाच्या दाट पाण्यात काजळी थोडी थोडी मळत जायचे. पोथ्या लिहिणाऱ्यांचे जुने माप असे : काजळाइतकाच हिराबोळ (एक सुगंधी राळ), दोन्हींच्या नव्हे तर काजळाच्या दुप्पट बाभळीचा डिंक, आणि वरून माक्याचा रस. म्हणजे काजळ 10 ग्रॅम, हिराबोळ 10, डिंक 20. हे वजनानेच घ्यावे. काजळी इतकी हलकी असते की चमच्याच्या मापाने डिंक हटकून जास्त पडतो. डिंक आदल्या रात्री पाण्यात भिजवून फडक्यातून गाळतात, नाहीतर त्यातली साल बोरूच्या लेखणीच्या चिरेत अडकते.

घोटणे हे खरे काम. तांब्याचे भांडे, कडुनिंबाचा दांडा, आणि काही दिवस. घोटणे कमी झाले तर शाई तळाशी बसते आणि अक्षराच्या कडा फाटतात. डिंक कमी पडला तर वाळलेले अक्षर बोटाला लागते. जास्त झाला तर त्याला भेगा जातात आणि पावसाळ्यात पाने एकमेकांना चिकटतात. कोल्हापूरच्या जुलै-ऑगस्टच्या दमट हवेत हा धोका पुस्तकी नाही. त्याच दिवसांत दौतीत बुरशीही येते. मोडी लिहिणाऱ्याला पातळ, वाहती शाई लागे, कारण मोडीत लेखणी फारशी उचलायची नसते. ओली ओळ वाळूने टिपून घेत.

या शाईचा काळा रंग म्हणजे जवळजवळ नुसता कार्बन. त्याला ऊन लागत नाही, हवा लागत नाही. कोल्हापूरच्या पुराभिलेखागारातल्या मोडी कागदांत कागद पिवळा पडलेला आणि अक्षर मात्र काळेभोर असे दिसते, ते यामुळे. राजाचा शब्द राजापेक्षा जास्त टिकवणाऱ्या या काळ्या पाण्याला लोकांनी हात जोडले, तर त्यात चूक काय?

दुसऱ्या शाईची जादू मात्र डोळ्यांदेखत घडते. सह्याद्रीच्या घाटाकडच्या रानात हिरडा भरपूर. त्याच्या फळाच्या सालीत टॅनिन हे तुरट द्रव्य असते आणि लोखंडाचा क्षार, म्हणजे हिराकस, भेटला की ते काळे होते. हिरड्याची 10 ग्रॅम पूड 100 मिली पाण्यात उकळून, गाळून, नुसत्या काढ्याने लिहावे. वाळल्यावर हातकागदाच्या पिवळसर अंगात अक्षर बुडून जाते. मग 100 मिली पाण्यात 2-3 ग्रॅम हिराकस विरघळवून कुंचल्याने वरून फिरवले की मजकूर उमटतो. हिराकस ताजा, हिरवा असेल तर अक्षर हळूहळू गडद होते. जुना, पिवळा पडलेला असेल तर लगेच काळे. गिरणीच्या पांढऱ्या कागदावर हा खेळ जमत नाही, कारण काढ्याचा पिवळा डाग आधीच दिसतो. लोखंडी कढईत काढा उकळला तर तो तिथेच काळा होतो आणि गुपित संपते. या शाईला आणखी एक खोड आहे : ती आम्लधर्मी असते आणि वर्षानुवर्षे कागद खात जाते. अक्षराच्या जागी अक्षराच्याच आकाराची भोके पडतात.

अंजनाची गोष्ट जुनी आहे. सिद्धींच्या यादीत खड्ग, पादलेप (पायाला लावायचा जादूचा लेप) यांच्या जोडीला अंजन येते, आणि कौटिल्याच्या अर्थशास्त्राच्या 14 व्या अधिकरणात अंधारात दिसण्याच्या अंजनांच्या कृती आहेत. आपल्याकडे पायाळू, म्हणजे पायांकडून जन्मलेल्या, माणसाच्या डोळ्यांत अंजन घातले की जमिनीतले धन दिसते, ही समजूत गावोगाव. गुप्तधनाच्या नावाखाली अमानुष कृत्य करणे महाराष्ट्रात 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. अंजनात काजळच असते असेही नाही. सुरमा म्हणून विकले जाणारे काही खडे शिशाचे असतात आणि मुलांच्या डोळ्यांना लावले तर शिसे अंगात भिनते. वर सांगितलेली शाईही डोळ्याजवळ नेऊ नये.

आपल्या कथेत, चित्रमालिकेत किंवा खेळात शाईवर चालणारी एखादी संस्कृती उभी करायची असेल, तर या दोन शाया वेगळ्या ठेवाव्यात. बहुतेक जण एकच ‘जादूची शाई’ करून मोकळे होतात आणि मग तिला नियम राहत नाही. काजळाची शाई पाण्याने सुटते, कारण तिला धरून ठेवणारा डिंक पाण्यात विरघळतो. लिहिलेला मंत्र धुऊन ते पाणी पिण्याची प्रथा अशाच धुऊन जाणाऱ्या रंगांवर चालते. हिरड्याची शाई कागदाच्या तंतूत शिरते, पाण्याला दाद देत नाही. पण लिंबाच्या रसातले आम्ल तिच्यातले लोखंड ओढून घेते आणि अक्षर फिके पडते. काजळाच्या रंगावर तोच रस काही करू शकत नाही. तेव्हा करार कोणत्या शाईत लिहिला आहे हे ओळखायचे असेल तर समासातल्या एखाद्या अक्षरावर लिंबाचा एक थेंब पुरतो, आणि खोटा करार करणाऱ्याने पाण्याने सुटणारे काजळ का निवडले असते, तेही कळते.