उभा दणकट, आडवा नाजूक: इजिप्तच्या ओबेलिस्कांची कथा

दक्षिण इजिप्तमधील आस्वान शहराच्या कडेला ग्रॅनाइटची एक प्राचीन खाण आहे आणि त्या खाणीत सुमारे ४२ मीटर लांबीचा एक दगड हजारो वर्षे आडवा पडून आहे. त्याच्या भोवतीचे चर खोदून झालेले आहेत, वरची बाजू सपाट केलेली आहे, निमुळत्या टोकाचा आकारही डोळ्यांना स्पष्ट दिसतो. केवळ तळ खडकापासून सोडवायचा राहिला आहे. सोडवला असता तर अकराशे टनांच्या आसपास वजनाचा हा स्तंभ इजिप्तमध्ये उभारलेल्या सर्व ओबेलिस्कांहून उंच ठरला असता. पण काम चालू असतानाच दगडात भेगा आढळल्या. कारागिरांनी लगेच हार मानली नाही. त्याच दगडातून निदान लहान स्तंभ तरी निघतो का, हे पाहण्यासाठी त्यांनी आखलेल्या रेषा पृष्ठभागावर सापडल्या आहेत. तेही साधले नाही आणि खाण तशीच सोडून देण्यात आली. पुरातत्त्वज्ञांच्या दृष्टीने हे अपयश मोठ्या भाग्याचे ठरले, कारण ओबेलिस्क खडकातून कसा काढत असत, याबद्दल आज जे ठाऊक आहे त्यातले बरेचसे या फसलेल्या दगडानेच सांगितले आहे.

ओबेलिस्क म्हणजे एकाच दगडातून घडवलेला, वर निमुळता होत जाणारा चौकोनी स्तंभ. त्याच्या माथ्यावर छोट्या पिरॅमिडचा आकार असतो. प्राचीन इजिप्ती भाषेत त्याला ‘तेखेन’ म्हणत. ‘ओबेलिस्क’ हा शब्द ग्रीकांचा असून त्याचा अर्थ मांस भाजण्याची लहान सळई असा होतो. अरबीत त्याला ‘मिसल्ला’, म्हणजे गोणपाट शिवण्याचे दाभण, असे नाव पडले. परक्यांनी केलेली ही थट्टा बाजूला ठेवली, तर इजिप्ती माणसासाठी तेखेन ही सूर्याची खूण होती. सूर्यदेव ‘रा’ याच्या उपासनेचे मुख्य केंद्र असलेल्या हेलिओपोलिस येथे ‘बेनबेन’ नावाचा पवित्र दगड पूजला जात असे आणि ओबेलिस्कच्या टोकाचा संबंध त्याच्याशी जोडला जातो. हे टोक सोने-चांदीच्या मिश्रधातूने मढवत, म्हणजे उगवत्या सूर्याचे पहिले किरण त्यावर चमकत. मंदिराच्या दाराशी बहुधा ओबेलिस्कांची जोडी उभी असे. हेलिओपोलिसचे मंदिर आता नाही. ती जागा कैरोच्या मातारिया भागात येते आणि पहिल्या सेनुस्रेत राजाचा सुमारे २० मीटर उंचीचा ओबेलिस्क तिथे आजही आपल्या मूळ जागी उभा आहे. त्याचे वय चार हजार वर्षांच्या घरात जाते.

चार हजार वर्षे उभा राहणारा दगड खाणीतून निघतानाच का तडकावा? याचे उत्तर ग्रॅनाइटच्या स्वभावात आहे. एक खडू घेऊन त्याची दोन्ही टोके एकमेकांकडे दाबली, तर तो सहसा तुटत नाही. तोच खडू आडवा धरून किंचित वाकवला की कट्‌कन मोडतो. दगडाचेही तसेच असते. दाब सोसण्याची त्याची ताकद प्रचंड असते, पण ताण, म्हणजे दोन्हीकडून ओढ, सोसण्याची ताकद दाबाच्या मानाने साधारण दहावा हिस्सा किंवा त्याहूनही कमी असते. कर्नाकच्या मंदिरातील हत्शेप्सुत राणीचा उभा ओबेलिस्क सुमारे ३० मीटर उंच आणि ३२० टनांहून जड आहे. त्याच्या तळाची बाजू अडीच मीटरच्या आसपास धरली, तर तळाच्या प्रत्येक चौरस मीटरवर ५० टनांच्या जवळपास भार येतो. चांगला ग्रॅनाइट याच्या दोनशे पटींहून अधिक दाब सहज पेलतो. म्हणजे उभ्या ओबेलिस्कला स्वतःच्या वजनाचे काहीच वाटत नाही. तोच दगड आडवा करून केवळ दोन्ही टोकांवर टेकवला, तर मधला भाग खाली झुकू पाहतो, खालच्या पृष्ठभागावर ताण येतो आणि ढोबळ हिशेब केला तरी हा ताण तुटण्याच्या उंबरठ्याजवळ पोहोचतो. त्यात दगडात आधीच एखादी केसाएवढी भेग असेल, तर ताण तिच्या टोकाशी एकवटतो आणि भेग पुढे सरकते. शिवाय प्रमाण तेच ठेवून स्तंभाची लांबी दुप्पट केली, तर वजन आठपट होते आणि आडव्या अवस्थेतील ताणही दुप्पट होतो. राजांची हौस वाढत गेली, तसा ओबेलिस्क नुसता जड नव्हे, तर अधिकाधिक ठिसूळ होत गेला.

त्यामुळे पहिले काम निर्दोष दगड शोधण्याचे होते. आस्वानच्या खाणीत खडकाची प्रत तपासण्यासाठी खोदलेले उभे खड्डे दिसतात. दगड पसंत पडला की त्याच्या भोवती चर पाडायचा. तांब्याची टाकी या कामी निरुपयोगी होती, कारण ग्रॅनाइटमधील क्वार्ट्झ तांब्याहून कितीतरी कठीण असतो. चरांच्या भिंतींवर टाकीचे घाव नाहीतच. तिथे वाटीसारखे गुळगुळीत खोलगट आकार एकाखाली एक उतरत गेलेले दिसतात. ते डोलेराइट नावाच्या काळ्या दगडाच्या गोट्यांनी ठेचून तयार झाले आहेत आणि असे गोटे खाणीत ढिगांनी सापडले आहेत. आपल्या सह्याद्रीचा काळा कातळ ज्या रसापासून बनला, तशाच घटकांचा रस जमिनीखाली जरा सावकाश थिजला की डोलेराइट तयार होतो. तेव्हा हा गोटा आपल्या बेसाल्टचा चुलतभाऊच म्हणायचा. १९२२ मध्ये रेजिनाल्ड एंगेलबाख या अभियंता-पुरातत्त्वज्ञाने हा अपुरा ओबेलिस्क पूर्ण मोकळा करून त्याचा बारकाईने अभ्यास केला. त्याने स्वतः तसा गोटा हातात घेऊन ग्रॅनाइट ठेचून पाहिला. तासाभराच्या मेहनतीनंतर दगडाची पातळी सुमारे ५ मिलिमीटरने खाली गेली होती.

चराची रुंदी एक माणूस कसाबसा बसून काम करू शकेल इतकीच आहे. प्रत्येक कामगाराला चराचा ठरावीक तुकडा नेमून दिलेला असे आणि काम किती खाली गेले, हे मुकादम भिंतीवर लाल रंगाच्या रेषांनी नोंदवत असत. त्या रेषा एंगेलबाखला दिसल्या होत्या. सुमारे पाच किलोचा गोटा दोन्ही हातांनी उचलायचा आणि आपटायचा, आस्वानच्या उन्हात, खडकाच्या भुकटीत, शेजाऱ्याचा खांदा आपल्या खांद्याला घासत असताना. हत्शेप्सुतने आपल्या ओबेलिस्कच्या चौथऱ्यावर कोरून ठेवले आहे की खाणीतले काम सात महिन्यांत पुरे झाले आणि दोन्ही स्तंभ एकाच अखंड दगडाचे, सांधा नसलेले आहेत. त्या सात महिन्यांचा अभिमान राणीच्या लेखात भरपूर आहे; गोटा धरणाऱ्या हातांचा उल्लेख त्यात शोधू नये.

पुढचा टप्पा नाईलचा. आस्वानपासून कर्नाकपर्यंत प्रवाहाच्या दिशेने दोनशेहून अधिक किलोमीटरचा जलप्रवास होता. देर अल-बहारी येथील हत्शेप्सुतच्या मंदिरात याचे कोरीव चित्र आहे: एका अवाढव्य तराफ्यावर दोन ओबेलिस्क बुंध्याला बुंधा लावून ठेवलेले आणि तीन रांगांत वल्ही मारणाऱ्या नौका तो तराफा ओढत आहेत. इतके वजन नौकेवर चढवायचे कसे, याची एक देखणी युक्ती रोमन लेखक प्लिनीने नोंदवली आहे. ती टॉलेमी राजांच्या काळातील, म्हणजे हत्शेप्सुतनंतर सुमारे बाराशे वर्षांची आहे. आडव्या पडलेल्या ओबेलिस्कच्या खालून कालवा खोदला गेला, त्यामुळे स्तंभाची दोन टोके कालव्याच्या दोन काठांवर टेकलेली राहिली. मग दगडांनी काठोकाठ भरलेल्या दोन रुंद नौका त्याखाली आणल्या आणि त्यांतले दगड उतरवले. हलक्या झालेल्या नौका वर आल्या आणि त्यांनी स्तंभ अलगद उचलून घेतला. आर्किमिडीजच्या तत्त्वाचा याहून मोठा प्रयोग क्वचितच झाला असेल. अर्थात काठांवर टेकून राहण्याच्या त्या अवधीत दगड वर सांगितलेल्या सर्वांत धोक्याच्या अवस्थेत होता, हे प्लिनीच्या लक्षात आलेले दिसत नाही.

सर्वांत अवघड काम उभारणीचे, आणि तिची सविस्तर नोंद इजिप्ती लोकांनी मागे ठेवलेली नाही. चौथऱ्यांवर एका कडेला आडवी खोबण आढळते. स्तंभाच्या बुंध्याची कड तिच्यात अडकवून त्याला उभे वळवत असावेत, एवढे त्यावरून कळते. अनेक अभ्यासकांना पटलेली कल्पना वाळूची आहे. ओबेलिस्क मातीच्या लांब उतारावरून बुंधा पुढे ठेवून वर चढवायचा, उताराच्या टोकाशी बांधलेल्या व वाळूने भरलेल्या खोल हौदावर आणायचा आणि तळाच्या वाटांनी वाळू हळूहळू काढत जायची. वाळू कमी होईल तसा बुंधा खाली उतरतो आणि दगड तिरका होत चौथऱ्यावर बसतो. या पद्धतीचा मोठा गुण असा, की वाळू दगडाला सर्वत्र आधार देत राहते आणि कुठल्याही एका ठिकाणी ताण एकवटू देत नाही. एका प्राचीन पपायरसमध्ये एक लेखनिक दुसऱ्याला डिवचून विचारतो, की स्मारकाखालचे वाळूने भरलेले कोठार रिकामे करायला किती माणसे लागतील, ते सांग पाहू. या गणितामुळे वाळूच्या कल्पनेला बळ मिळते. १९९९ मध्ये अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्समधल्या एका खाणीत २५ टनांचा ओबेलिस्क याच तऱ्हेने उभा करून दाखवण्यात आला. मात्र २५ टन आणि ३२० टन यांच्यात बरेच अंतर आहे.

रोमन सम्राटांना ओबेलिस्कांचे विलक्षण वेड होते. ऑगस्टसने इजिप्त जिंकल्यावर हेलिओपोलिसचे दोन स्तंभ रोमला नेले आणि त्यांपैकी एक भव्य सूर्ययंत्राचा काटा म्हणून वापरला. आज रोममध्ये १३ प्राचीन ओबेलिस्क उभे आहेत. त्यांतील आठ इजिप्तमध्ये घडलेले, उरलेले रोमन काळात बनवून घेतलेले. एवढे ओबेलिस्क जगातल्या दुसऱ्या कोणत्याही शहरात नाहीत, इजिप्तमधल्याही नाहीत. व्हॅटिकनमधला २५ मीटरचा स्तंभ कॅलिग्युलाने आणवला होता आणि तो ज्या जहाजातून आला, त्यात भारासाठी मसूर भरला होता, असे प्लिनी लिहितो. १५८६ मध्ये दोमेनिको फोंताना या वास्तुविशारदाने तो उचलून सध्याच्या चौकात हलवला. अंतर जेमतेम अडीचशे मीटरचे, पण त्यासाठी सुमारे ९०० माणसे, ७५ घोडे आणि दोर गुंडाळणारे ४० रहाट लागले.

एकोणिसाव्या शतकात ही हौस पॅरिस, लंडन आणि न्यूयॉर्कला लागली. लुक्सरच्या दुसऱ्या रामसेसच्या जोडीतला एक स्तंभ २५ ऑक्टोबर १८३६ रोजी पॅरिसमध्ये उभा राहिला. तो हलवताना फ्रेंच अभियंता लबा याला बुंध्यात जुनी भेग दिसली आणि तिच्यावर बसवलेले, मध्ये निमुळते असे लाकडी जोडही दिसले. म्हणजे दगड तडकल्याचे रामसेसच्या कारागिरांना ठाऊक होते. तरीही त्यांनी तो उभा केला आणि उभा केल्यावर तो तीन हजार वर्षे टिकला. लंडनचा स्तंभ लोखंडी नळकांड्यासारख्या जहाजात घालून आणताना १८७७ च्या ऑक्टोबरात बिस्केच्या उपसागरात वादळ आले, तेव्हा मदतीला गेलेले सहा खलाशी बुडाले. त्याचा जुळा भाऊ १८८१ मध्ये न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये उभा राहिला. या दोघांनाही ‘क्लिओपात्राची सुई’ म्हणतात, पण ते घडवले तिसऱ्या थुत्मोसने, क्लिओपात्राच्या चौदाशे वर्षे आधी.

न्यूयॉर्कच्या स्तंभाचे पापुद्रे निघू लागले, तेव्हा दोष तिथल्या हवेला दिला गेला. नंतर दुसरे स्पष्टीकरण पुढे आले. हा स्तंभ हेलिओपोलिसला शतकानुशतके मातीत पडून होता आणि त्या काळात जमिनीतले क्षार त्याच्या सूक्ष्म छिद्रांत शिरले. कोरड्या इजिप्तमध्ये ते निपचित राहिले. न्यूयॉर्कच्या दमट हवेत मात्र ते विरघळायचे, पुन्हा स्फटिक बनायचे आणि दर वेळी फुगून दगडाला आतून ताण द्यायचे. ताणाला कमकुवत असलेला ग्रॅनाइट इथेही त्याच कारणाने हरला. १८८५ मध्ये त्याला मेणाचा लेप दिला गेला, पण त्याआधी शेकडो किलो सुटे पापुद्रे खरवडून काढले होते आणि त्यांबरोबर काही चित्रलिपीही गेली.

गिझाच्या नव्या भव्य संग्रहालयाच्या प्रांगणात आता दुसऱ्या रामसेसचा एक ओबेलिस्क उंच खांबांवर अशा रीतीने बसवला आहे, की पाहणाऱ्याला त्याच्या खालून चालत जाता येते. मान वर केली की स्तंभाच्या तळावर कोरलेले राजाचे नाव दिसते. दगड एकदा चौथऱ्यावर बसला की ते नाव कोणालाही दिसणार नाही, हे कोरणाऱ्याला ठाऊक होते.