सर हम्फ्रीच्या आधीची तीस वर्षं

२५ फेब्रुवारी १९८० च्या रात्री बीबीसी-२ वर ‘येस मिनिस्टर’ या मंत्री आणि नोकरशाहीवरच्या विनोदी मालिकेचा पहिला भाग लागला, तेव्हा त्यातला धूर्त सचिव सर हम्फ्री ॲपलबी साकारणाऱ्या नायजेल हॉथॉर्न यांचं वय पन्नास पूर्ण होतं. नटाचं काम सुरू करून त्यांना तीस वर्षं झाली होती. नाटकवाली मंडळी त्यांना ओळखत होती, समीक्षक अधूनमधून कौतुकाच्या दोन ओळी लिहीत होते. पण रस्त्यात थांबवून कुणी सही मागावी अशी स्थिती नव्हती. पुढच्या काही वर्षांत हा चेहरा जगभर पोचला. हे अचानक मिळालेलं यश होतं, असं म्हणणं मला मुळीच पटत नाही. हम्फ्री घडायला जी तीस वर्षं लागली, ती ब्रिटिश रंगभूमीच्या एका विशिष्ट व्यवस्थेत गेली होती, आणि ती व्यवस्था समजून घेतल्याशिवाय हा नट समजत नाही.

हॉथॉर्न यांचा जन्म ५ एप्रिल १९२९ चा, कॉव्हेंट्रीतला. वडील डॉक्टर. मुलगा लहान असतानाच कुटुंब दक्षिण आफ्रिकेत केपटाउनला गेलं. तिथल्या विद्यापीठात त्यांनी प्रवेश घेतला, पण पदवी पुरी केली नाही. १९५० साली केपटाउनच्याच रंगमंचावर त्यांनी पहिलं व्यावसायिक काम केलं आणि पुढच्याच वर्षी नट व्हायचं म्हणून लंडन गाठलं.

तेव्हाच्या इंग्लंडमध्ये नवख्या नटाची शाळा म्हणजे ‘रेप’, म्हणजे रेपर्टरी नाट्यगृहं. गावोगावच्या या नाट्यगृहांत पगारी नटांचा कायमचा संच असे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मँचेस्टरमध्ये ॲनी हॉर्निमन यांनी आणि १९१३ मध्ये बर्मिंगहॅमला बॅरी जॅक्सन यांनी ही कल्पना रुजवली. दोघांनाही लंडनच्या धंदेवाईक नाटकांपेक्षा वेगळं काही करायचं होतं. पन्नाशीच्या दशकापर्यंत मात्र छोट्या गावांत तिचं रूप बरंच खडतर झालं होतं. दर सोमवारी नवं नाटक. संध्याकाळी चालू आठवड्याचा प्रयोग, सकाळी पुढच्या आठवड्याच्या नाटकाची तालीम, आणि रात्री खोलीवर जाऊन पाठांतर. अंगावरचे साधे कपडेसुद्धा बहुतेक वेळा नटाने स्वतःचेच आणायचे. आज पंचविशीतला वकील, पुढच्या आठवड्यात सत्तरीचा पाद्री, त्यानंतर खुनी खानसामा. असल्या घाईत भूमिकेच्या खोलात शिरायला वेळ नसे, हे खरं. पण पानभर संवाद दोन दिवसांत तोंडपाठ करणं आणि एका हालचालीत माणूस उभा करणं, या दोन गोष्टी हाडीमाशी खिळत. हम्फ्रीची ती प्रसिद्ध लांबलचक वाक्यं ऐकताना मला या कामाची आठवण होते.

पण शाळेत जागा मिळाली म्हणजे नोकरी पक्की झाली असं नव्हतं. हॉथॉर्न देखणे नायक नव्हते. तरुण वयातच त्यांच्या वाट्याला प्रौढ माणसांच्या भूमिका येत. काम मिळेनासं झालं तेव्हा १९५७ मध्ये ते दक्षिण आफ्रिकेत परतले. वर्णभेदाच्या त्या देशात त्यांनी काही वर्षं नाटकं केली, नावही मिळवलं, आणि १९६२ मध्ये पुन्हा इंग्लंडला आले. तेव्हा तिशी उलटून गेली होती. स्वतःच्या गावात मिळालेलं स्थान सोडून दुसऱ्यांदा शून्यातून सुरुवात करायची, हा निर्णय मला त्यांच्या साऱ्या पुरस्कारांपेक्षा मोठा वाटतो.

ज्या रंगभूमीकडे ते परतले ती आता बदललेली होती. १९५६ मध्ये लंडनमधल्या स्लोन स्क्वेअरच्या रॉयल कोर्ट नाट्यगृहात इंग्लिश स्टेज कंपनी सुरू झाली होती आणि दिवाणखान्यातल्या गोड नाटकांची सद्दी संपू लागली होती. पूर्व लंडनमध्ये जोन लिटलवुड यांची थिएटर वर्कशॉप ही मंडळी कामगार वस्तीत राहून नाटक करत होती. तिथे नटाने पाठ केलेल्या लकबी मोडून काढाव्या लागत. तालमीत सुचेल ते करून बघायचं, फसलं तर पुन्हा करायचं. हॉथॉर्न लिटलवुडबाईंच्या हाताखाली आले आणि रेपमध्ये तयार झालेलं कसब तिथे मोकळं झालं. पुढे ते रॉयल कोर्टमध्ये पोचले. एडवर्ड बाँड यांचं ‘अर्ली मॉर्निंग’ हे व्हिक्टोरिया राणीच्या दरबाराची चिरफाड करणारं नाटक लॉर्ड चेंबरलेन या राजदरबारी अधिकाऱ्याच्या सेन्सॉर कचेरीने अडवलं होतं. १९६८ च्या कायद्याने नाटकांवरची ती शतकानुशतकांची सेन्सॉरशिप संपली, आणि १९६९ च्या प्रयोगात राणीचा नवरा प्रिन्स अल्बर्टची भूमिका हॉथॉर्न करत होते. त्याच वर्षी टीव्हीवरच्या ‘डॅड्ज आर्मी’च्या एका भागात ते काही क्षण दिसले, आणि श्रेयनामावलीत त्या पात्राला नावसुद्धा नव्हतं, नुसताच ‘चिडलेला माणूस’. एकाच वर्षातली ही दोन कामं शेजारी ठेवली की चरित्र अभिनेत्याचं आयुष्य कसं चालतं ते कळतं.

या सगळ्या काळात आणखी एक ओझं होतं. हॉथॉर्न समलैंगिक होते. ते लंडनला आले तेव्हा इंग्लंडमध्ये पुरुषांमधला समलैंगिक संबंध गुन्हा होता. १९५३ मध्ये खुद्द जॉन गिलगुड या थोर नटाला याच कायद्याखाली अटक झाली होती आणि नाट्यव्यवसाय हादरला होता. इंग्लंड आणि वेल्समध्ये कायदा बदलला १९६७ मध्ये, म्हणजे हॉथॉर्न अडतीस वर्षांचे असताना. चारचौघांत काय बोलायचं, काय गिळायचं याचं भान ज्याला उमेदीची सारी वर्षं ठेवावं लागलं, त्या माणसाने पुढे ज्याच्या बोलण्याआड नेहमी दुसरंच काही दडलेलं असतं असा सरकारी अधिकारी उभा केला. हा संबंध मी लावतो आहे, पण त्यांचं काम बघताना तो मला टाळता येत नाही.

सत्तरच्या दशकात गाडी रुळावर आली. सायमन ग्रे यांच्या ‘अदरवाइज एंगेज्ड’मध्ये ॲलन बेट्सबरोबर काम झालं. १९७७ मध्ये रॉयल शेक्सपिअर कंपनीने केलेल्या पीटर निकोल्स यांच्या ‘प्रायव्हेट्स ऑन परेड’मधल्या मेजरसाठी त्यांना सहायक भूमिकेचा पुरस्कार मिळाला. टीव्हीवर ते पिएर क्युरी झाले, आठव्या एडवर्डचे वकील वॉल्टर मंक्टन झाले, आणि १९७९ मध्ये जॅक रोझेंथल यांच्या ‘द नॉलेज’मध्ये लंडनच्या टॅक्सीचालकांना रस्ते विचारून रडकुंडीला आणणारे परीक्षक झाले. तो परीक्षक ज्यांनी पाहिला आहे त्यांना हम्फ्री कुठून आला हे वेगळं सांगावं लागत नाही.

‘येस मिनिस्टर’चीही एक पूर्वपीठिका आहे. १८५४ च्या नॉर्थकोट-ट्रेव्हेलियन अहवालाने ब्रिटनमध्ये परीक्षा देऊन येणारी, सरकार बदललं तरी जागेवर राहणारी सनदी नोकरशाही उभी करण्याची शिफारस केली. यातले ट्रेव्हेलियन मुळात ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत भारतात काम केलेले. मंत्री येतात आणि जातात, सचिव राहतो: ही रचना आपल्याही वाट्याला आली, म्हणून मंत्रालयाच्या पायऱ्या झिजवलेल्या माणसाला हम्फ्री परका वाटत नाही. १९७० च्या दशकात माजी मंत्री रिचर्ड क्रॉसमन यांच्या रोजनिश्या प्रसिद्ध झाल्या आणि मंत्री व सचिव यांच्यातली ओढाताण लोकांसमोर आली. लेखक अँटनी जे आणि जोनाथन लिन यांनी ती सामग्री वापरली, शिवाय आतल्या गोटातल्या लोकांकडून माहिती मिळवली. निवडणूक तोंडावर होती म्हणून मालिका थांबवून ठेवली गेली आणि मार्गारेट थॅचर सत्तेवर आल्यानंतर ती लागली. ‘येस, प्राइम मिनिस्टर’ धरून १९८८ पर्यंत एकूण ३८ भाग झाले.

मालिकेत मंत्र्याची भूमिका करणारे पॉल एडिंग्टन तेव्हा हॉथॉर्नपेक्षा कितीतरी जास्त लोकप्रिय होते. तरीही बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट-टीव्हीचा मानाचा पुरस्कार चार वेळा हॉथॉर्न यांना मिळाला आणि एडिंग्टन यांना एकदाही नाही. हे एडिंग्टन यांच्यावर अन्यायाचंच झालं, कारण हम्फ्रीचं प्रत्येक वाक्य मंत्र्याच्या गोंधळलेल्या चेहऱ्यावर आदळून मगच हशा पिकवत असे. हॉथॉर्न यांची खुबी ही, की त्यांनी हम्फ्रीला खलनायक केलं नाही. समोर बसलेल्या प्रेक्षकांच्या देखत ते वाक्य एका दमात, एकही शब्द न सांडता पुरं करत. आणि डाव उलटला की तोच माणूस धक्क्याने लहान मुलासारखा हतबल होई. त्या हतबलतेमुळे आपण त्याच्यावर रागावू शकत नाही.

इथे बहुतेक नट थांबले असते. याच सुमारास रिचर्ड ॲटनबरो यांच्या ‘गांधी’तही त्यांची छोटी भूमिका होती आणि ‘बार्चेस्टर क्रॉनिकल्स’ या टीव्ही मालिकेतला तापट आर्चडीकन, म्हणजे चर्चचा वरिष्ठ अधिकारीही. पण खरी मोठी कामं साठीच्या आसपास आली. ‘शॅडोलँड्स’ या नाटकात त्यांनी लेखक सी. एस. लुइस रंगवले, ब्रॉडवेवर त्यासाठी १९९१ चं टोनी हे अमेरिकी रंगभूमीचं मानाचं पारितोषिक मिळालं. चित्रपट निघाला तेव्हा मात्र भूमिका अँथनी हॉपकिन्स यांच्याकडे गेली. नोव्हेंबर १९९१ मध्ये नॅशनल थिएटरमध्ये ॲलन बेनेट यांचं ‘द मॅडनेस ऑफ जॉर्ज थर्ड’ आलं, निकोलस हायट्नर यांच्या दिग्दर्शनाखाली. भ्रमिष्ट होत जाणारा, खुर्चीला बांधून ठेवलेला, तोंडाने अखंड बोलत सुटलेला राजा. हम्फ्रीच्या वाक्यांना जो ताबा होता तो इथे सुटत जातो, आणि तो कसा सुटतो हे दाखवायला आधी तो कमावलेला असावा लागतो. १९९४ च्या चित्रपटात ही भूमिका त्यांच्याकडेच राहिली. ऑस्करसाठी नामांकन झालं. पुरस्कार टॉम हँक्स यांना मिळाला.

त्या सोहळ्याआधी वृत्तपत्रांनी त्यांच्या खासगी आयुष्याचा बाजार मांडला. हॉथॉर्न आणि १९७९ पासूनचे त्यांचे जोडीदार, लेखक ट्रेव्हर बेंथम, तरीही सोहळ्याला बरोबर गेले. १९९९ मध्ये हॉथॉर्न यांना ‘सर’ हा किताब मिळाला. त्याच वर्षी जपानी दिग्दर्शक युकिओ निनागावा यांच्याबरोबर त्यांनी किंग लिअर केला. ब्रिटिश समीक्षकांनी त्यांचा शांत, आतल्या आत मोडणारा लिअर निर्दयपणे झोडपला. रंगमंचावरची ती त्यांची शेवटची भूमिका ठरली. २६ डिसेंबर २००१ ला ते गेले. ‘स्ट्रेट फेस’ हे आत्मचरित्र त्यानंतर, २००२ मध्ये प्रसिद्ध झालं.

२००१ मध्येच स्टार प्लसवर ‘येस मिनिस्टर’चं हिंदी रूप ‘जी मंत्रीजी’ आलं. फारूख शेख मंत्री होते आणि हम्फ्रीच्या जागी बसलेल्या सचिवाचं काम जयंत कृपलानी करत होते. मूळ मालिकेच्या संहिता जवळजवळ तशाच्या तशा दिल्लीच्या कचेरीत बसवता आल्या.