बास्केटबॉल खेळल्याने उंची वाढते का?

‘मुलाला बास्केटबॉलला घाला, उंची वाढेल’ हा सल्ला वर्षानुवर्षं फिरतोय. व्यावसायिक खेळाडू ताडमाड दिसतात, त्यामुळे तो पटतोही. पण रिंग असते जमिनीपासून 10 फुटांवर, म्हणून संघ मुळात उंच मुलंच निवडतात. जिम्नॅस्टिक्समध्ये नेमकी उलट निवड होते.

उंची वाढते हाडांच्या टोकांजवळच्या कूर्चेच्या (मऊ, लवचिक हाडासारख्या भागाच्या) पट्ट्यांमुळे. किती वाढायची, हे बास्केटबॉल नव्हे, मुख्यतः आनुवंशिकता ठरवते. आहाराचाही वाटा असतो. वयात आल्यावर त्या पट्ट्या हळूहळू बुजतात आणि उंची वाढायची थांबते; मुलींमध्ये हे मुलांपेक्षा आधी होतं. मनगटाच्या एक्स-रेवर डॉक्टर त्या दाखवू शकतात.

घरी मोजायचं तर दर वेळी सकाळीच मोजा. मणक्यांमधल्या चकत्या दिवसभरात दबतात, संध्याकाळी उंची सेंटिमीटरभर कमी भरते.