कोट्याच्या कारखान्यातले इम क्वोन-तेक

1962 साली दक्षिण कोरियाच्या राजधानीत, सोलमध्ये, दोन गोष्टी घडल्या. पार्क चुंग-ही यांच्या लष्करी राजवटीने चित्रपट कायदा आणला, आणि इम क्वोन-तेक या तरुण दिग्दर्शकाचा पहिला चित्रपट लागला. इम यांची पुढची पन्नास वर्षं समजून घ्यायची तर आधी तो कायदा पाहावा लागतो.

त्या सुमारास सत्तरेक चित्रपट कंपन्या मोडून सरकारने त्यांच्या 16 केल्या. प्रत्येकीने वर्षाकाठी ठरावीक संख्येने देशी चित्रपट काढायचे, तरच परदेशी चित्रपट आयात करण्याचा परवाना मिळणार. खरा पैसा आयातीत होता. त्यामुळे कोटा भरण्यापुरते चित्रपट झटपट आणि स्वस्तात उरकणारा दिग्दर्शक निर्मात्यांना हवाच होता. इम त्यात तरबेज होते. तलवारबाजी, दरबारी कटकारस्थानं, युद्धपट, रडकथा, जे सांगतील ते. एकेका वर्षात अर्धा डझनाहून जास्त चित्रपट त्यांनी केले आणि दहा-बारा वर्षांत पन्नाशी गाठली. या चित्रपटांची त्यांनी स्वतःही पुढे फारशी पत्रास ठेवली नाही.

सिनेमात ते आले ते पोटासाठी. जन्म दक्षिण जोल्ला प्रांतातल्या जांगसंगचा. घरात डाव्या विचारांची माणसं असल्याने कोरियन युद्धाच्या काळात कुटुंबाची वाताहत झाली. पोरवयात ते घर सोडून बुसानला गेले, तिथे मिळेल ती मजुरी केली आणि अमेरिकी लष्कराच्या जुन्या बुटांचा व्यापार करणाऱ्यांकडे लागले. त्याच व्यापाऱ्यांनी सोलला जाऊन चित्रपटनिर्मिती सुरू केली आणि या पोरालाही बोलावून घेतलं. चोंग चांग-ह्वा या दिग्दर्शकाच्या हाताखाली पडेल ते काम करत ते धंदा शिकले.

वळण आलं 1973च्या सुमारास, ‘जापचो’पासून. गंमत म्हणजे यालाही सरकारी धोरणाचा हातभार लागला. ‘दर्जेदार’ ठरलेल्या चित्रपटाच्या निर्मात्याला आयात परवान्याचं बक्षीस मिळू लागलं होतं, त्यामुळे गंभीर चित्रपटावर पैसे घालणं व्यवहारात बसू लागलं. जपान्यांनी कोरियन लोकांवर जपानी नावं लादली, त्यावरचा ‘जोक्बो’ 1978चा. दोन बौद्ध भिक्खूंच्या भटकंतीचा ‘मांदारा’ 1981चा. छायालेखक जोंग इल-संग यांच्यासोबतचं इम यांचं काम इथून बहरत गेलं. इम यांच्या ‘सिबाजी’साठी कांग सू-योन यांना 1987 साली व्हेनिस चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

पण खरा चमत्कार 1993च्या ‘सोप्योंजे’चा. तो पानसोरी गाणाऱ्या कुटुंबाची गोष्ट सांगतो. पानसोरी ही जोल्लाच्या मातीतली गायनकथा. गाणारा एक आणि तालवाला एक. आपल्या कीर्तनासारखं गाणं आणि बोलणं आलटूनपालटून चालतं. चित्रपटातला बाप मुलीचा आवाज दुःखाने पिकावा आणि तिने आपल्याला सोडून जाऊ नये म्हणून तिला आंधळी करतो. त्या क्रौर्याकडे चित्रपट जरा जास्तच मायेने पाहतो, असं मला दर वेळी वाटतं. तरीही गावच्या वाटेवरून बाप, मुलगी आणि मुलगा असे तिघं गात-नाचत कॅमेऱ्याकडे येतात, तो न तुटणारा लांबलचक शॉट विसरता येत नाही. हा चित्रपट चालेल असं निर्मात्यांनाही वाटलं नव्हतं. एकट्या सोल शहरात त्याने दहा लाख प्रेक्षकांचा आकडा ओलांडला. कोरियन चित्रपटाला हे पहिल्यांदाच जमलं होतं.

दरम्यान धंद्याची जमीनच सरकत होती. 1988पासून अमेरिकी कंपन्या कोरियात थेट वितरण करू लागल्या. चित्रपटगृहांनी वर्षातून 146 दिवस देशी चित्रपट दाखवण्याच्या सक्तीवरही अमेरिकेचा डोळा होता. ती वाचवण्यासाठी झालेल्या निदर्शनांत इम यांनी मुंडण करून घेतलं. कोट्याने ज्याला गिरणीत जुंपलं, तोच कोट्यासाठी रस्त्यावर उतरला, आणि मला यात विसंगती दिसत नाही: पहिला कोटा चित्रपट काढायला लावणारा होता, दुसरा तो दाखवायला. 2006 साली ती सक्ती 73 दिवसांवर आली.

2000 साली इम यांचा ‘चुनह्यांग’ फ्रान्समधल्या कान महोत्सवाच्या स्पर्धेत उतरला; तिथे पोहोचलेला तो पहिला कोरियन चित्रपट. चित्रकार जांग संग-अप यांच्यावरच्या ‘चिह्वासन’ला 2002 साली तिथेच दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. 2016 साली गोव्याच्या इफ्फीने इम यांना जीवनगौरव दिला.

2013 साली बुसान महोत्सवाने त्यांच्या तोवरच्या 101 चित्रपटांचा पट मांडायचं ठरवलं, तेव्हा सत्तरेकच दाखवता आले. सुरुवातीच्या काळातल्या कित्येक चित्रपटांच्या प्रिंटच उरलेल्या नाहीत.