वेलस्ली, आर्थर (ड्यूक ऑफ वेलिंग्टन)

अँग्लो-आयरिश सरदार घराण्यातला सेनानी आणि दोनदा ब्रिटनचा पंतप्रधान (१७६९–१८५२). जग त्याला वॉटर्लूमुळे ओळखते. महाराष्ट्राने त्याला बारा वर्षे आधीच असईच्या रणात पाहिले होते.

जन्म डब्लिनचा. वडील, मॉर्निंग्टनचे अर्ल, संगीतात रमणारे होते. आर्थरही व्हायोलिन वाजवी. पण किटी पॅकनहॅमला घातलेली मागणी तिच्या घरच्यांनी धुडकावल्यावर त्याने आपली व्हायोलिन जाळून टाकली, असे सांगतात. (पुढे १८०६ मध्ये लग्न तिच्याशीच झाले, संसार सुखाचा नव्हता.) १७८७ मध्ये तो फौजेत शिरला आणि १७९० मध्ये ट्रिममधून आयरिश संसदेत गेला. ती जागा घराण्याच्या मुठीतलीच होती.

१७९७ मध्ये तो हिंदुस्थानात आला. वर्षभरात थोरला भाऊ रिचर्ड गव्हर्नर जनरल झाला. त्यामुळे टिपूचे श्रीरंगपट्टण पडल्यानंतर तिथला कारभार आर्थरकडे आला, तेव्हा वशिल्याची कुजबुज झालीच. वसईच्या तहानंतर १८०३ मध्ये बाजीराव दुसऱ्याला पुन्हा गादीवर बसवण्यासाठी तो पुण्यात शिरला. ऑगस्टमध्ये शिंद्यांच्या ताब्यातली अहमदनगरची पेठ आणि मग किल्ला त्याने चार दिवसांत घेतला.

२३ सप्टेंबर १८०३ रोजी असईजवळ शिंदे-भोसल्यांची फौज अचानक समोर आली. त्याचा साथीदार कर्नल स्टीव्हनसनची तुकडी दूर होती, तरी तो थांबला नाही. केळणा नदीला उतार नाही, असे वाटाडे म्हणत होते. पण दोन्ही काठांवर समोरासमोर गावे दिसताच त्याने ताडले, की लोकांची येजा असणार, म्हणजे उतारही असणार. तो होताच. पलीकडे शिंद्यांच्या कवायती पलटणींनी झपाट्याने तोंड फिरवून त्याच्यासमोर फळी धरली, आणि तोफांनी इंग्रजांची चाळण केली. मेल्याचे सोंग घेऊन पडलेले गोलंदाज उठून पुन्हा तोफा डागू लागले. वेलस्ली जिंकला, पण त्याचे सुमारे १,६०० लोक मेले किंवा जखमी झाले. उतारवयात ‘तुमची सर्वांत सरस लढाई कोणती?’ या प्रश्नाला त्याने वॉटर्लू नव्हे, असईच सांगितल्याची आठवण नोंदलेली आहे. मग आडगावची लढाई, गाविलगड किल्ल्याचा पाडाव आणि डिसेंबरात देवगाव व सुर्जी-अंजनगावचे तह.

पुढे पोर्तुगाल-स्पेनमध्ये तो १८०८ ते १८१४ फ्रेंचांशी झुंजला. १८१४ मध्ये ड्यूक झाला आणि १८ जून १८१५ रोजी वॉटर्लूला ब्ल्यूखरच्या प्रशियन सैन्याच्या साथीने त्याने नेपोलियनला हरवले.

राजकारणात त्याचा हात रणांगणाइतका सफाईदार नव्हता. तरी १८२९ मध्ये कॅथलिकांना संसद खुली करणारा कायदा पंतप्रधान म्हणून त्यानेच मंजूर करून घेतला. आयर्लंडमधल्या प्रोटेस्टंट सरदारवर्गात वाढलेल्या, कट्टर टोरी (परंपरावादी पक्षाच्या) माणसाने हे करावे, हे विशेष. त्यापायी कायद्याचा विरोधक लॉर्ड विंचिल्सीशी पिस्तुलांचे द्वंद्वयुद्धही झाले. दोघेही सुखरूप राहिले. मतदानाच्या सुधारणांना मात्र त्याने हट्टाने विरोध केला. १८३० मध्ये सरकार गेले, पुढे जमावाने घराच्या काचा फोडल्या, आणि त्याने खिडक्यांना लोखंडी झडपा बसवल्या. १८३४ मध्ये तो काही आठवडे पुन्हा, हंगामी पंतप्रधान होता.

‘तबेल्यात जन्मला म्हणून कोणी घोडा होत नाही’ हे आयरिशपणाबद्दलचे वाक्य त्याच्या तोंडी घालतात. ते त्याच्याविषयी आयरिश कॅथलिकांचा नेता डॅनियल ओ’कॉनेलने काढलेल्या उद्गारांवरून आले आहे. १४ सप्टेंबर १८५२ रोजी वॉल्मर किल्ल्यात त्याचा मृत्यू झाला. दफन लंडनच्या सेंट पॉल कॅथीड्रलमध्ये.