निनावी चिठ्ठी : प्रेमपटांतला गुप्त प्रेमिक आणि विदर्भातलं खेडं

निनावी चिठ्ठी ही प्रेमपटांतली जुनी, हमखास चालणारी कथायुक्ती आहे. प्रेम करणारा, क्वचित करणारी, आपलं नाव किंवा चेहरा लपवते. समोरच्यापर्यंत पोहोचतं ते फक्त पत्र, कविता, पैसा नाहीतर नुसता आवाज. नाव कधी फुटणार या एका प्रश्नावर चित्रपट शेवटपर्यंत ओढला जातो. प्रेक्षकाला गुपित सहसा लवकरच कळलेलं असतं. पडद्यावरच्या एकाच माणसाला ते ठाऊक नसतं आणि सगळी गंमत तिथेच असते. विदर्भातल्या खेड्यांत ही युक्ती तालुक्याच्या टाकीजमधून, जत्रेतल्या तंबूतून, भाड्याने आणलेल्या व्हिडिओवरून आणि झाडीपट्टीच्या नाटकांतून पोहोचली. तिथल्या पोरांनी ती उचललीही. मात्र पडद्यावर ती जशी चालते तशी गावात कधीच चालली नाही.

पडद्यावरची रीत

एदमाँ रोस्ताँचं ‘सिरानो द बेर्जराक’ (१८९७) हे फ्रेंच नाटक या युक्तीचं मूळपीठ मानायला हरकत नाही. भल्यामोठ्या नाकापायी स्वतःला कुरूप समजणारा सिरानो, देखण्या पण बोलण्यात कच्च्या असलेल्या दुसऱ्याच तरुणाच्या नावाने रोक्सानला पत्रं लिहून देतो. ती प्रेमात पडते ती पत्रांच्या, आणि समजते की त्या तरुणाच्या. या युक्तीवर पुढे अनेक चित्रपट निघाले. चार्ली चॅप्लिनच्या ‘सिटी लाइट्स’मध्ये (१९३१) आंधळ्या फुलवालीच्या डोळ्यांच्या उपचाराचा पैसा एक भणंग माणूस उभा करतो आणि ती त्याला कोणी श्रीमंत गृहस्थ समजत राहते. एर्न्स्ट लुबिचच्या ‘द शॉप अराउंड द कॉर्नर’मध्ये (१९४०) एकाच दुकानात रोज भांडणारे दोघं पत्रातून एकमेकांवर प्रेम करतात, तेही नकळत. हीच गोष्ट १९९८ मध्ये ‘यू हॅव गॉट मेल’ या नावाने ईमेलवर गेली. माक्स ओफ्युल्सच्या ‘लेटर फ्रॉम ॲन अननोन वूमन’मध्ये (१९४८) मात्र प्रेम लपवणारी बाई आहे, आणि पत्र पोहोचेपर्यंत वेळ टळून गेलेली असते. लपणारा पुरुष असला की बहुधा शेवट गोड, बाई असली की मरण, असा या परंपरेचा कल दिसतो. अपवाद आहेत, आणि सिरानो हा त्यांतला सर्वांत मोठा.

हिंदी चित्रपटाने यात दोस्तीसाठी केलेला त्याग मिसळला. ‘संगम’मध्ये (१९६४) गोपाळने राधाला लिहिलेलं, खाली सही नसलेलं पत्र तिच्या लग्नानंतर नवऱ्याच्या, म्हणजे गोपाळच्याच मित्राच्या हाती लागतं. लिहिणारा समोर बसलेला असतो आणि जाब मात्र राधाला विचारला जातो. ‘पाकिजा’मध्ये (१९७२) रेल्वेच्या डब्यात झोपलेल्या नर्तकीच्या पायाशी अनोळखी प्रवासी चिठ्ठी ठेवून जातो, आणि तिचं उरलेलं आयुष्य त्या चिठ्ठीभोवती फिरतं. ‘साजन’मध्ये (१९९१) अपंग कवी टोपणनावाने लिहितो आणि भावासाठी ते नावही सोडून द्यायला निघतो. ‘कादल कोट्टै’ (१९९६) या तमिळ चित्रपटातले दोघं एकमेकांना न बघताच पत्रांतून प्रेमात पडतात. दिग्दर्शक अगत्यन यांना त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि त्यांनीच तो हिंदीत ‘सिर्फ तुम’ (१९९९) म्हणून पुन्हा केला. ‘द लंचबॉक्स’मध्ये (२०१३) चुकीच्या पत्त्यावर गेलेल्या डब्यातून चिठ्ठ्या सुरू होतात.

गावच्या अनुभवाच्या सर्वांत जवळ जातो तो मात्र फारसा गाजावाजा न झालेला ‘सिक्रेट ॲडमायरर’ (१९८५) हा अमेरिकी हास्यपट. त्यात एक बिनसहीचं पत्र नको त्या हातांत फिरत जातं, ज्याच्या हाती लागेल तो आपल्या मनातला अर्थ लावतो, आणि थोरामोठ्यांचे संसार त्यात सापडतात. खेड्यात चिठ्ठीचं नेमकं असंच होतं. फक्त कोणी हसत नाही.

विदर्भाची जुनी पत्रं

न पाहिलेल्यावर प्रेम आणि मधल्याच्या हाती निरोप, या दोन्ही बाबतींत विदर्भाचा वारसा कोणत्याही चित्रपटसृष्टीपेक्षा मोठा आहे. दमयंती विदर्भाची राजकन्या. हंसाने केलेलं वर्णन ऐकून ती नळावर भाळली. कालिदासाच्या ‘मालविकाग्निमित्र’मधली मालविका हीसुद्धा विदर्भाचीच राजकन्या. ती ओळख लपवून राणीच्या परिवारात राहते आणि राजा तिचं चित्र बघून वेडा होतो. मेघाला निरोप्या करणारा यक्ष ज्या रामगिरीवर होता, तो नागपूरजवळचा रामटेक असं वा. वि. मिराशी यांच्यासारख्या अभ्यासकांनी मांडलं आहे.

पण गावागावात माहीत असते ती रुक्मिणी. तिचं माहेर कौंडण्यपूर, अमरावती जिल्ह्यात तिवसा तालुक्यात, वर्धा नदीच्या काठी. तिथून आषाढीला पंढरपूरला पालखी जाते. भाऊ रुक्मी तिला शिशुपालाला द्यायला निघाला, तेव्हा तिने एका ब्राह्मणाच्या हाती कृष्णाला पत्र धाडलं. भागवताच्या दहाव्या स्कंधात ते सात श्लोकांत आहे. हे पत्र प्रेमपत्र म्हणून सांगितलं जातं खरं, पण त्यातला एक भाग निव्वळ बेत आहे: लग्नाच्या आदल्या दिवशी कुलदेवीची यात्रा असते, वधू नगराबाहेर अंबिकेच्या देवळात येते, तिथून घेऊन जा. ते देऊळ कौंडण्यपूरचं की अमरावतीच्या अंबादेवीचं, यावर दोन्हीकडची माणसं आपापला दावा सांगतात. लग्न जमावं म्हणून मुलींना एकनाथांचं ‘रुक्मिणी स्वयंवर’ (१५७१) वाचायला बसवण्याची पद्धत अजूनही आहे. म्हणजे ज्या घरात पोरीच्या दप्तरात चिठ्ठी सापडली तर आकांत होतो, त्याच घरात दुसऱ्या एका पोरीच्या चिठ्ठीचं पारायण चालतं. फरक असा की रुक्मिणीने आपण कोण ते लपवलं नाही. पुढे होऊन लिहिणारी ती, आणि पत्राची जबाबदारीही तिचीच.

सिनेमा गावात कसा आला

चित्रपट धंद्यात हा मुलूख आजही ‘सीपी बेरार’ (सेंट्रल प्रॉव्हिन्सेस आणि बेरार, म्हणजे मध्यप्रांत-वऱ्हाड) या इंग्रजी अमदानीतल्या नावाने ओळखला जातो. वितरणाची जुनी ठिकाणं अमरावती आणि खानदेशातलं भुसावळ. मध्य भारतातल्या वितरक-प्रदर्शकांच्या संघटनेचं मुख्यालय भुसावळलाच आहे. मुंबईत लागलेला पिच्चर तालुक्याला यायला महिने लागत आणि तोवर त्यातली गाणी रेडिओवर पाठ झालेली असत. जत्रेतल्या तंबूत बाया एका बाजूला, माणसं दुसऱ्या बाजूला, मधे दोरी किंवा कनात. नायक चिठ्ठी टाकायचा तेव्हा दोरीच्या अलीकडून शिट्ट्या आणि पलीकडून खुसखुस ऐकू यायची. ऐंशीच्या दशकात वर्गणी काढून व्हीसीआर आणि टीव्ही आणण्याची टूम निघाली. गणपतीत एका रात्रीत तीन पिच्चर, तिसऱ्याच्या वेळी निम्मं गाव पोत्यावर झोपलेलं.

पूर्वेकडे, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांत, सिनेमाला तोडीस तोड झाडीपट्टी रंगभूमी उभी आहे. धान घरात आल्यावर, दिवाळीपासून होळीपर्यंत तिचा हंगाम. दिवसा मंडई (म्हणजे जत्रा) किंवा शंकरपट (बैलांची शर्यत) आणि रात्रभर नाटक. नाटक कंपन्यांचं मुख्य ठाणं देसाईगंज, म्हणजेच वडसा. या रंगभूमीवरचे कलावंत परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. कौटुंबिक नाटकात चुकीच्या हाती पडलेली चिठ्ठी ही तिथेही हुकमी चीज. हजारोंच्या गर्दीला मागे बसून नायिकेच्या चेहऱ्यावरचा बारीक भाव दिसत नाही, पण हातातला पांढरा कागद दिसतो.

चिठ्ठीची बनावट

मोबाइलच्या आधीची गावची चिठ्ठी ओळखायला सोपी. वहीच्या बरोबर मधलं जोडपान काढलेलं, त्यामुळे घडीवर पिनांची भोकं. पान मधलंच काढायचं, कारण कडेचं फाडलं तर दुसऱ्या टोकाचं पानही सुटतं आणि गुरुजी विचारतात. वर लाल शाईचा बदाम, त्यातून बाण. मजकुरात एक शेर हिंदी, तो पिच्चरमधून किंवा ट्रकच्या मागून उचललेला, कारण प्रेम हिंदीतच करायचं असतं असा समज. उरलेलं मराठी पुस्तकी, घरच्या बोलीचा मागमूस नाही. एरवी ‘मले’ आणि ‘तुले’ म्हणणारा पोट्टा चिठ्ठीत ‘मला’ आणि ‘तुझ्याविना’ लिहितो. आत जरा पावडर टाकलेली, वासासाठी. शेवटी ‘ओळख पाहू?’ किंवा नुसती तीन टिंबं. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून काही जण डाव्या हाताने लिहीत, काही छापील अक्षरं काढत. नेणारा बहुधा लहान भाऊ, गोळ्यांवर राजी झालेला; किंवा गाइडच्या पानांत ठेवून मैत्रिणीकरवी.

एवढं करूनही नाव लपत नसे. गावात शाळा एक, वर्गात पोरं मोजकी, आणि मराठीच्या गुरुजींनी प्रत्येकाच्या वह्या चार-चार वर्षं तपासलेल्या. ‘कोनाचं अक्षर हाये हे?’ असा प्रश्न घरात विचारला गेला की उत्तर संध्याकाळच्या आत पानठेल्यावर पोहोचलेलं असायचं. गोळ्या खाल्लेला भाऊ दुसरी गोळी देणाऱ्यालाही सगळं सांगत असे. चित्रपटातलं निनावीपण मोठ्या शहरावर उभं असतं: लाखो अनोळखी माणसं, खूप दुकानं, खूप डबे. गावात अनोळखी माणूसच नाही.

आणि इथेच पडद्याचा हिशोब उलटा होतो. चिठ्ठीवर लिहिणाऱ्याचं नाव नसतं. पण ती जिच्या दप्तरात सापडते, तिचं नाव लगेच गावभर होतं. पोराला बाप दोन ठेवून देतो आणि आठवड्यात विसरतो. पोरीची शाळा सुटते, निदान तालुक्याच्या कॉलेजची एसटी तरी बंद होते, आणि मामाकडून स्थळं यायला लागतात. ‘संगम’मधल्या राधाचं जे होतं तेच, फक्त इथे शेवटी सगळं उलगडून सांगायला गोपाळ पुढे येत नाही. म्हणून गुप्त प्रेमिक ही कल्पना गावच्या पोरींना पडद्यावर जितकी गोड वाटली, तितकी प्रत्यक्षात क्वचितच वाटली असेल.

नाव लपवण्याचं कारणही वेगळं. सिरानोला नाक आड येतं, हिंदी नायकाला मित्र किंवा अपंगत्व. गावात आड येतं ते आडनाव. आडनाव लिहिलं की जात लिहिली गेली, आणि जात कळली की चिठ्ठीचं प्रकरण दोन घरांचं न राहता दोन वस्त्यांचं होतं. मराठीत हे स्वच्छ दाखवलं ते नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’ने (२०१३). त्याची गोष्ट विदर्भातली नाही, पण आपल्या जातीपायी वर्गातल्या मुलीपाशी मन मोकळं करू न शकणारा त्यातला पोरगा वऱ्हाडातल्या कुठल्याही शाळेत बसवता येईल.

रेडिओ, मिस कॉल आणि पुढचं

चिठ्ठीपेक्षा सुरक्षित वाट रेडिओची होती. नागपूर आकाशवाणी १९४८ मध्ये सुरू झाली. पुढे अकोला, अमरावती, यवतमाळ, चंद्रपूर इथेही केंद्रं आली. फर्माइशीच्या पोस्टकार्डावर पाठवणाऱ्याचं नाव, गाव, सोबत दोन मित्रांची नावं, सगळं उघड. गाणं कोणासाठी आहे ते मात्र त्याला आणि चुलीपुढे रेडिओ ऐकत बसलेल्या तिलाच माहीत, कधी कधी तर फक्त त्यालाच. इथे लपलेलं नाव तिचं असे. या सगळ्या प्रकारांत पोरीला धक्का न लावणारा हाच एक म्हणायचा.

मोबाइल आल्यावर मिस कॉलचं प्रेम आलं, मग बनावट फोटोचं इन्स्टाग्राम खातं आणि कॉलेजांची ‘कन्फेशन’ पानं. आता अक्षर ओळखू येत नाही, त्यामुळे गावाला निनावीपण पहिल्यांदाच खरोखर जमलं आहे. आणि त्याबरोबर धमकी आणि फोटोची बदनामीही आली.

कायदा आणि तंटामुक्ती

पडद्यावर मागे लागणं हा चिकाटीचा पुरावा असतो. कायद्यात तो २०१३ पासून वेगळा गुन्हा आहे: स्त्रीने नको असल्याचं स्पष्ट केल्यावरही पुरुषाने वारंवार पाठलाग किंवा संपर्क केला, तर पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत आणि पुन्हा केल्यास पाच वर्षांपर्यंत कैद. भारतीय दंड संहितेतलं हे कलम ३५४-ड आता भारतीय न्याय संहितेत ७८ वं आहे. मुलगी अठराच्या आतली असली तर २०१२ चा पॉक्सो, म्हणजे बालकांना लैंगिक गुन्ह्यांपासून संरक्षण देणारा, कायदाही लागू होऊ शकतो. फेब्रुवारी २०२० मध्ये हिंगणघाटला पाठलाग करणाऱ्याने एका तरुण प्राध्यापिकेला भर रस्त्यात पेटवून दिलं. 

जिथे प्रेम दोन्हीकडचं असतं, तिथे गावाने स्वतःची एक वाट काढली आहे. महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम २००७ मध्ये सुरू झाली ती भांडणं गावातच मिटवायला. पण पूर्व विदर्भात तिच्या समित्या प्रेमीयुगुलांची लग्नं लावू लागल्या आणि स्थानिक पानांवर त्या बातम्या नेहमीच्या झाल्या. दोघं समितीकडे अर्ज करतात. वयाचे दाखले बघितले जातात, मुलाला एकवीस आणि मुलीला अठरा पूर्ण हवीत. घरच्यांना बोलावणं जातं. ते आले तर ठीक, न आले तरी ग्रामपंचायतीच्या आवारात नाहीतर मारुतीच्या देवळापुढे हार घातले जातात. अध्यक्ष आणि पोलीस पाटील फोटोत उभे राहतात. अर्जावर मात्र दोघांचीही पूर्ण नावं लागतात, आडनावासकट, आणि खाली सही.