घर, गावकी आणि तृतीयपंथी : कोकणातील पार्श्वभूमी

तृतीयपंथी व्यक्तींच्या हक्कांचे संरक्षण करणारा 2019 चा केंद्रीय कायदा 10 जानेवारी 2020 पासून अमलात आला. त्यातील ओळखीच्या प्रमाणपत्रावर पुष्कळ वाद झाला, पण कलम 12 कडे फारसे कोणाचे लक्ष गेले नाही. आईवडील किंवा जवळचे नातेवाईक राहतात त्या घरात राहण्याचा आणि तेथून वगळले न जाण्याचा हक्क हे कलम देते. कलम 18 त्याहून पुढे जाते. तृतीयपंथी व्यक्तीला घर किंवा गाव सोडायला भाग पाडणाऱ्यास त्यात सहा महिने ते दोन वर्षे कैदेची तरतूद आहे. घराबरोबर गावाचाही विचार व्हावा हे कोकणाच्या दृष्टीने योग्यच म्हणावे लागेल, कारण येथे घरच्यांचा नकार बऱ्याचदा गावाच्या धाकातून आलेला असतो.

वास्तविक लुगडे नेसलेला पुरुष कोकणाला नवा नाही. सिंधुदुर्गातील दशावतारात स्त्रीभूमिका परंपरेने पुरुषच करत आले. जत्रेच्या रात्री देवळाच्या आवारात नट स्वतःच्या हाताने तोंड रंगवतात, नऊवारी चापूनचोपून नेसतात, आणि गणपतीसोबत रिद्धी-सिद्धी रंगमंचावर आल्या की त्यांच्या चालण्यात कोणाला काही खटकत नाही. रत्नागिरीकडे शिमग्यात संकासुराबरोबर राधा किंवा गोमू होऊन पुरुष दारोदार नाचतात आणि घरातील बायका त्यांना पोस्त घालतात. याचा दाखला देऊन कोकण आधीपासूनच उदार होते असे सांगणारे जरा घाई करतात. ती मुभा सोंगाला होती आणि सोंग उतरवण्याच्या अटीवर होती. सकाळी रंग पुसल्यावरही ज्याच्या मनातील बाई तशीच राहिली, त्याच्यासाठी गावाने जागा ठेवलेली नव्हती.

राज्यसत्तेचा व्यवहार मात्र एके काळी निराळा होता. मराठा राजवटीत काही हिजड्यांना गावोगाव भिक्षा मागण्याचा हक्क आणि क्वचित इनाम जमीनही मिळालेली होती. हे हक्क गुरूकडून चेल्याकडे वारशाने जात. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास मुंबई इलाख्यातील कंपनी सरकारने सार्वजनिक सभ्यतेचे कारण पुढे करून त्यांना पाठबळ देणे नाकारले. पुढे 1871 चा गुन्हेगार जमाती कायदा आला. हिजड्यांविषयीचा त्याचा दुसरा भाग मुळात उत्तर हिंदुस्थानातील प्रांतांसाठी होता, परंतु त्यामागची दृष्टी स्पष्ट दिसते. नोंदवहीत नाव चढलेल्याने स्त्रीवेशात लोकांसमोर यायचे नाही, आले तर दोन वर्षांपर्यंत कैद. मृत्युपत्र करायचे नाही, दत्तक घ्यायचे नाही, अज्ञान मुलाचे पालक व्हायचे नाही. म्हणजे वेशाबरोबर कुटुंब उभारण्याचे मार्गही बंद केले गेले.

ज्यांना घरात थारा मिळाला नाही, त्यांच्यापुढे मुंबईची वाट होती. गिरण्यांकडे जाणाऱ्या चाकरमान्यांचीही वाट तीच. फरक एवढाच की चाकरमानी गणपतीला आणि शिमग्याला परत येई. मुंबईतील हिजड्यांच्या घराण्यांमधील गुरू-चेला पद्धतीत नव्याने आलेली व्यक्ती गुरूला आई मानते, गुरुबहिणी मिळवते, जमातीचे कायदे पाळते. ही व्यवस्था कडक आहे आणि तिच्यात पिळवणूकही होते, पण आजारपणात उशाशी बसणारे माणूस तिनेच पुरवले. ट्रान्स पुरुषांना हा आसराही नव्हता. मुलगी म्हणून वाढवलेल्यांची लग्ने लावून दिली जात, आणि त्यांच्याविषयी जुन्या नोंदींत जवळजवळ काहीच सापडत नाही.

घरात विचारता न येणारे प्रश्न छापील स्वरूपात मांडण्याचे धाडस दापोलीजवळच्या मुरूडमधील घराण्यातल्या रघुनाथ धोंडो कर्वे यांनी केले. 1927 पासून त्यांनी चालवलेल्या ‘समाजस्वास्थ्य’ मासिकात वाचकांच्या लैंगिक शंकांना ते सरळ उत्तरे देत. त्यांत समलिंगी संबंधांचाही विषय होता. 1934 मध्ये त्या उत्तरांवरून अश्लीलतेचा खटला झाला, तेव्हा त्यांचे वकीलपत्र डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी घेतले, ज्यांचे मूळ गाव मंडणगड तालुक्यातील आंबडवे. कर्वे खटला हरले आणि त्यांना दंड झाला. तृतीयपंथीयांचा प्रश्न त्या खटल्यात नव्हता. परंतु लैंगिकतेविषयी मराठीत उघड बोलण्याची किंमत काय, हे त्यातून कळले.

गावाचा धाक म्हणजे नेमके काय, हे वाळीत टाकण्याच्या प्रकरणांवरून समजते. रायगड आणि रत्नागिरीतून अशा तक्रारी वारंवार आल्या आणि महाराष्ट्राने सामाजिक बहिष्काराविरुद्ध 2016 चा कायदा केला, तो 2017 मध्ये लागू झाला. त्यात तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंड आहे; नैतिकता, राजकीय कल यांच्या जोडीला लैंगिकतेवरून भेदभाव करणेही त्याने बहिष्काराच्या कक्षेत आणले. शिमग्यात ग्रामदेवतेची पालखी दारात थांबेल का, धाकट्या मुलीला स्थळ येईल का, मयताला माणसे जमतील का, अशा काळजीत असलेला बाप मुलाला ‘तू मुंबईलाच राहा’ असे सांगतो, तेव्हा त्याच्या बोलण्यात प्रेमाचा अभाव असतोच असे नाही.

2011 च्या जनगणनेत देशभर 4,87,803 व्यक्तींची नोंद ‘इतर’ या लिंगात झाली. त्यांपैकी 40,891 महाराष्ट्रात होत्या. 15 एप्रिल 2014 रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्वतःची लिंगओळख स्वतः ठरवण्याचा हक्क मान्य केला. त्या खटल्यात सहभागी झालेल्या ठाण्याच्या तृतीयपंथी कार्यकर्त्या लक्ष्मी नारायण त्रिपाठी यांना आईवडिलांनी घरापासून तोडले नाही, हे त्यांनी जाहीरपणे सांगितले आहे. ठाणे उत्तर कोकणातच मोडते, मात्र शहरातील कुटुंबाला गावकीपुढे, म्हणजे गावाच्या सामूहिक कारभारापुढे, उभे राहावे लागत नाही.

कलम 12 राहण्याचा हक्क देते, वारशाबद्दल मात्र 2019 चा कायदा बोलत नाही. हिंदू वारसा कायद्याची मांडणी मुलगा आणि मुलगी यांवर आहे. उत्तर प्रदेशाने 2020 मध्ये महसूल संहितेत दुरुस्ती करून शेतजमिनीच्या वारशात तृतीयपंथी व्यक्तीचा उल्लेख केला. कोकणात एकेका सातबाऱ्यावर डझनभर सहहिस्सेदार असतात, आणि वारसनोंदीच्या वेळी घर सोडून गेलेल्याचे नाव सांगायचे की गाळायचे हे बहुधा भावकीच ठरवते. ओळखीचे प्रमाणपत्र अलिबाग, रत्नागिरी किंवा ओरोसच्या जिल्हाधिकारी कार्यालयातून मिळते. सातबाऱ्यावर नवे नाव लावून घेण्याचा अर्ज मात्र तलाठ्याकडे, म्हणजे त्याच गावात जातो.